सोळावं लागलं होतं, संपलं नव्हतं

१८६९ साली लंडनमध्ये इंडियन सिव्हिल सर्व्हिसच्या परीक्षेचा निकाल लागला, तेव्हा यादीत चार हिंदी नावं होती. रमेशचंद्र दत्त, बिहारीलाल गुप्ता आणि सुरेंद्रनाथ बॅनर्जी हे तिघे बंगाली, आणि चौथे मुंबईचे श्रीपाद बाबाजी ठाकूर. ही खुली परीक्षा १८५५ पासून होत होती आणि तोवर तिच्यातून एकच हिंदी माणूस पार झाला होता. आता एका दमात चार, आणि दत्तांचा तर तिसरा नंबर. पण हा आनंद फार टिकला नाही. बॅनर्जी आणि ठाकूर यांची नावं परीक्षा घेणाऱ्या सिव्हिल सर्व्हिस कमिशननं यादीतून काढून टाकली. कारण दिलं वयाचं. एक बंगाली आणि एक मराठी असे दोन उमेदवार पास होऊन नापास ठरले.

सरकारी भरतीत आपल्यावर अन्याय झाला म्हणून हिंदी उमेदवार थेट कोर्टात गेला, असं बहुधा या वेळी प्रथमच घडलं. आज साताऱ्याच्या किंवा सांगलीच्या अभ्यासिकेत उत्तरतालिका आणि कट ऑफवरून वाद चालतो, तेव्हा 'मॅटमध्ये जाऊ' (म्हणजे प्रशासकीय न्यायाधिकरणात), 'रिट टाकू' हे शब्द सहज येतात. या रस्त्यावर पहिलं पाऊल पडलं ते दीडशे वर्षांपूर्वी, सातासमुद्रापलीकडच्या कोर्टात. तिथं काय मिळालं आणि काय मिळालं नाही, हे दोन्ही पाहण्यासारखं आहे.

आधी परीक्षेकडे पाहू. १८३३ च्या सनदी कायद्यानं धर्म, जन्मस्थान, वंश किंवा वर्ण यांमुळे कुणाही हिंदी माणसाला कंपनीच्या नोकरीत मज्जाव होणार नाही, असं म्हटलं होतं. कागदावर. प्रत्यक्षात कलेक्टर, जिल्हा न्यायाधीश अशा वरच्या जागांवर कंपनीच्या डायरेक्टरांची शिफारस घेऊन आलेली इंग्रज मुलं बसत. १८५३ च्या कायद्यानं ही शिफारसबाजी मोडली आणि खुली स्पर्धा आणली. परीक्षेचा आराखडा करणाऱ्या समितीचे अध्यक्ष होते मेकॉले, आणि ऑक्सफर्डचे बेंजामिन जोवेट हे एक सदस्य. १८५४ चा त्यांचा अहवाल ब्रिटिश नोकरशाहीच्या इतिहासात मानानं उल्लेखला जातो. आमच्या दृष्टीनं त्यातलं गुणांचं कोष्टक जास्त बोलकं आहे.

एकूण गुण ६,८७५. त्यातले १,५०० इंग्रजी भाषा, साहित्य आणि इतिहासाला. ग्रीकला ७५० आणि लॅटिनला ७५०. गणिताला १,०००. फ्रेंच, जर्मन, इटालियन यांना प्रत्येकी ३७५. विज्ञान आणि नीतिशास्त्र-तर्कशास्त्र यांना पाचपाचशे. संस्कृतला ३७५, अरबीला ३७५. मराठी, बंगाली, तमिळ, हिंदुस्थानी यांना शून्य. ज्या रयतेवर राज्य करायचं तिची भाषा निवड झाल्यावर उमेदवारीच्या काळात शिकायची, निवड होताना तिचा काडीचा उपयोग नव्हता. ग्रीक-लॅटिन इंग्लंडच्या चांगल्या शाळेतलं पोर आठव्या-नवव्या वर्षापासून घोकत असे. पुण्या-मुंबईच्या किंवा कलकत्त्याच्या मुलाला कॉलेजात गेल्यावर कुणी शिकवलं तर शिकवलं. समितीनं हे हिंदी लोकांना डावलण्यासाठी केलं, असं मी म्हणणार नाही. हिंदी माणूस परीक्षेला बसेल हे त्यांच्या डोळ्यांसमोर फारसं नव्हतंच. पण अन्यायाला दर वेळी हेतू लागत नाही, कोष्टकही पुरतं.

त्यात परीक्षा लंडनलाच. जायचं म्हणजे हजारो रुपयांचा खर्च, महिन्याभराचा प्रवास, समुद्र ओलांडल्याबद्दल जातीचा बहिष्कार, आणि नापास झालं तर दोन्हीकडून गेलं. शिवाय वय. सुरुवातीला मर्यादा २३ वर्षांची होती. १८६० मध्ये ती २२ वर आली, १८६६ मध्ये २१ वर. हिंदी मुलानं इथं बी. ए. व्हायचं, मग विलायतेत जाऊन वर्ष-दीड वर्ष तयारी करायची, आणि हे सगळं एकविसाव्या वाढदिवसाच्या आत. या बदलांचा पहिला फटका बसला रुस्तमजी हिरजी वाडिया या मुंबईच्या पारशी तरुणाला. २३ ची मर्यादा धरून तो तयारी करत होता आणि मध्येच ती २२ झाली. दादाभाई नवरोजी तेव्हा लंडनमध्ये होते. त्यांनी त्याची बाजू घेऊन पत्रांवर पत्रं लिहिली. म्हणणं साधं होतं : नियम बदला, पण जो जुन्या नियमावर विसंबून घराबाहेर पडला त्याला पुरेशी आगाऊ सूचना तरी द्या. उपयोग झाला नाही. हा मुद्दा लक्षात ठेवा, दीडशे वर्षांनी तो पुन्हा भेटणार आहे.

१८६९ च्या आधी पार झालेला तो एकटा माणूस म्हणजे सत्येंद्रनाथ ठाकूर, रवींद्रनाथांचे थोरले भाऊ. १८६२ च्या मार्चमध्ये ते आणि मनमोहन घोष बरोबरच विलायतेला गेले. १८६३ मध्ये सत्येंद्रनाथांची निवड झाली. घोष दोन वेळा बसले, दोन्ही वेळा अपयश. त्याच सुमारास संस्कृत आणि अरबीचे गुण खाली आणले गेले. हिंदी उमेदवाराला हात देणारे विषय ते एवढेच, आणि कात्री लागली ती त्यांनाच. घोष पुढं कलकत्त्याचे नामवंत बॅरिस्टर झाले.

सत्येंद्रनाथांना नेमणूक मिळाली ती मुंबई इलाख्यात. अहमदाबाद, पुणे, कारवार अशी त्यांची नोकरी फिरली, आणि १८९७ मध्ये ते निवृत्त झाले ते साताऱ्याचे न्यायाधीश म्हणून. तेव्हाचा सातारा जिल्हा आजच्यापेक्षा बराच मोठा होता. तासगाव, वाळवा, खानापूर हे आज सांगली जिल्ह्यात मोडणारे तालुके त्यात होते. खुद्द सांगली आणि मिरज ही पटवर्धनांची संस्थानं. १९४९ मध्ये संस्थानं आणि हे तालुके मिळून दक्षिण सातारा जिल्हा झाला आणि १९६० मध्ये त्याचं नाव सांगली पडलं. म्हणजे इस्लामपूर-विट्याकडचे पक्षकार ज्यांच्या इजलासापुढं उभे राहत, ते या देशातले पहिले हिंदी आय. सी. एस. या बंगाली गृहस्थांनी इथं राहून मराठी आपलीशी केली आणि तुकोबांचे अभंग बंगालीत नेले. तीस वर्षांहून अधिक नोकरी करून मात्र ते जिल्हा न्यायाधीशाच्या वर चढले नाहीत.

आता पुन्हा १८६८ कडे. ३ मार्चला 'मुलतान' बोटीनं बॅनर्जी, दत्त आणि गुप्ता कलकत्त्याहून निघाले. बॅनर्जींनी आत्मचरित्रात लिहिलंय की जाण्याची तयारी त्यांनी कट रचावा तशी गुपचूप केली. त्यांच्या डॉक्टर वडिलांची संमती होती, पण आईला आदल्या दिवशी सांगितलं तेव्हा ती बेशुद्ध पडली. दत्त आणि गुप्ता तर घरच्यांना न सांगताच निघाले. सुएझचा कालवा उघडायला अजून दीड वर्ष होतं, त्यामुळं मध्ये इजिप्तमधून आगगाडी. लंडनमध्ये उमेशचंद्र बॅनर्जी, म्हणजे पुढं काँग्रेसचे पहिले अध्यक्ष झाले ते, त्यांच्या मदतीला होते. युनिव्हर्सिटी कॉलेजात संस्कृतसाठी गोल्डस्टुकर, इंग्रजीसाठी हेन्री मॉर्ले. वर्षभर घासून १८६९ च्या परीक्षेला सव्वातीनशेच्या आसपास उमेदवारांत हे बसले. जागा पन्नास.

निकालानंतर कमिशननं सुरेंद्रनाथ बॅनर्जींना विचारलं : कलकत्ता विद्यापीठाच्या मॅट्रिकच्या वेळी, डिसेंबर १८६३ मध्ये, तुम्ही वय सोळा लिहिलंत. १८६३ ला सोळा, तर १८६९ ला एकवीस उलटून गेलं. मग तुम्ही परीक्षेला बसलात कसे?

हिशेब कागदावर मांडू. सुरेंद्रनाथांचा जन्म १० नोव्हेंबर १८४८ चा. डिसेंबर १८६३ मध्ये त्यांना पंधरा वर्षं पूर्ण होऊन महिना झाला होता, म्हणजे सोळावं लागलं होतं. आपल्याकडं वय विचारलं की चालू वर्ष सांगायची रीत होती, अजूनही खेड्यापाड्यांत आहे. म्हातारी आजी 'ऐंशीव्यात आहे' म्हणते तेव्हा तिची एकोणऐंशी पूर्ण झालेली असतात. सुरेंद्रनाथांनी, किंवा त्यांचा अर्ज भरणाऱ्यानं, 'सोळा' लिहिलं ते याच रीतीनं. इंग्रज माणूस सोळा म्हणतो तेव्हा सोळा संपलेली असतात. परीक्षेच्या वेळी, मार्च १८६९ मध्ये, सुरेंद्रनाथ वीस वर्षं आणि चार महिन्यांच्या आसपास होते. मर्यादेला आठ महिने शिल्लक. कमिशनच्या हिशेबात ते एकवीस ओलांडून गेले. श्रीपाद ठाकुरांचंही त्याच जातीचं. विद्यापीठातल्या नोंदीचं वय आणि परीक्षेला दिलेलं वय जुळेना.

गैरसमज होता तर तो दूर करता आला असता. बॅनर्जींनी खुलासा दिला. पण कमिशननं विद्यापीठाची नोंद अखेरची मानली आणि दोघांची नावं काढली. खरं वय कोणतं, याचा पुरावा पारखून पाहण्याची तसदी घेतली नाही. इकडं कलकत्त्यात खळबळ माजली. ईश्वरचंद्र विद्यासागरांसारख्या वजनदार मंडळींनी प्रतिज्ञापत्रं केली की आमच्या समाजात वय असंच सांगतात. जन्मपत्रिकाही पुढं आली. ज्या देशात जन्माची सरकारी नोंद नव्हती, तिथं पत्रिकेइतका पक्का कागद दुसरा कुठला असणार! ज्योतिषावर विश्वास असो-नसो, घटका-पळांपर्यंत वेळ लिहिलेला तो दस्तऐवज आहे.

बॅनर्जींनी क्वीन्स बेंच या न्यायालयात 'मँडॅमस' मागितला. मराठीत आपण याला परमादेश म्हणतो. सार्वजनिक अधिकाऱ्यानं कायद्यानं नेमून दिलेलं काम केलं नाही, तर ते कर असा वरिष्ठ कोर्टाचा हुकूम. इंग्लंडच्या कायद्यात तो जुनाच होता. नवल याचं, की विशीतल्या एका हिंदी पोरानं साम्राज्याच्या राजधानीत, साम्राज्याच्याच भरती मंडळाविरुद्ध तो मागितला. मागणी नोकरीची नव्हती, आमचा पुरावा ऐका आणि मग ठरवा एवढीच होती. कोर्टानं प्रथमदर्शनी दखल घेतली आणि कमिशनला कारण दाखवायला सांगितलं. आपल्या सरकारी भाषेतली 'कारणे दाखवा' नोटीसच म्हणा, फक्त या वेळी ती सरकारला निघाली होती.

कमिशन लढलं नाही. निकालाची वाट न बघता त्यांनी दोघांची नावं परत यादीत घातली. त्यामुळं या प्रकरणात गाजलेला असा निकाल लागलाच नाही, वाचायला मोठं न्यायपत्र नाही. कोर्टाची नोटीस निघाली आणि सरकार नमलं. पुढं हजारो भरती-प्रकरणांत असंच झालंय. निकालापेक्षा निकालाच्या शक्यतेचा धाक मोठा.

बॅनर्जींनी आत्मचरित्र लिहिलं, बंगालनं त्यांना 'राष्ट्रगुरू' म्हटलं, म्हणून हा खटला त्यांच्या नावानं ओळखला जातो. श्रीपाद ठाकूर त्याच खटल्याच्या आधारानं परत आले आणि मुंबई इलाख्याच्या सेवेत दाखल झाले. महाराष्ट्रातले पहिले आय. सी. एस. ते. आपल्याकडं मात्र त्यांचं नाव एखाद्या तळटिपेत सापडतं. स्पर्धा परीक्षांच्या नावानं जिथं गल्लोगल्ली क्लास चालतात, तिथं पहिल्या मराठी यशस्वी उमेदवाराची आठवण नसावी हे मला तरी खटकतं.

बाकीच्यांचं काय झालं? दत्त ओरिसाचे कमिशनर झाले, नोकरी सोडून ब्रिटिश अमदानीचा आर्थिक इतिहास लिहिला, १८९९ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष झाले. गुप्तांच्या १८८२ मधल्या एका टिपणातून पुढं इल्बर्ट बिलाचं वादळ उठलं. बॅनर्जी १८७१ मध्ये सिल्हेटला असिस्टंट मॅजिस्ट्रेट म्हणून रुजू झाले आणि १८७४ मध्ये बडतर्फ झाले. निमित्त एका फौजदारी प्रकरणातल्या चुकीच्या नोंदीचं. अशा चुकीला गोऱ्या अधिकाऱ्याला ताकीद मिळाली असती, असं तेव्हाही बोललं गेलं. ते पुन्हा लंडनला गेले, पण या वेळी परमादेश नव्हता. राणीचा नोकर राणीच्या मर्जीपर्यंत नोकर. निवडीच्या वेळी कोर्टाचं दार किलकिलं झालं होतं, नोकरीतून काढताना ते बंदच राहिलं.

आणि इथंच १८६९ च्या विजयाची मर्यादा उघडी पडते. कोर्टानं काय तपासलं? नियम नीट लावला की नाही एवढंच. नियम न्याय्य आहे का, हे विचारण्याची सोय नव्हती. परीक्षा लंडनलाच का, ग्रीकला ७५० आणि संस्कृतला ३७५ का, एकवीसच का, यातलं काहीही क्वीन्स बेंचपुढं नेता येत नव्हतं. सरकारनं हे बरोबर हेरलं. चुकीच्या मोजणीनं उमेदवार गाळला तर कोर्ट आडवं येतं. मग मोजपट्टीच बदलली तर?

१८७६ मध्ये भारतमंत्री लॉर्ड सॅलिसबरी यांनी कमाल वय २१ वरून १९ करायचं ठरवलं आणि दोनेक वर्षांत ते अमलात आलं. आता बी. ए. होऊन जाण्याचा प्रश्नच मिटला. सतराव्या-अठराव्या वर्षी मुलाला विलायतेला पाठवणार कोण? व्हॉइसरॉय लॉर्ड लिटन यांनी १८७८ मधल्या गुप्त टिपणात कबूल केलं की हिंदी लोकांना सरळ मनाई करायची की त्यांना फसवायचं, असे दोनच मार्ग होते आणि आपण कमी सरळ असलेला पत्करला. हे टिपण पुढं बाहेर आलं आणि दादाभाईंनी ते इंग्रजांच्या तोंडावर वारंवार वाचून दाखवलं. लिटन यांचे दोष अनेक, पण या एका ओळीपुरता माणूस खरं बोलला.

नियमाविरुद्ध कोर्ट नाही म्हटल्यावर उरलं ते राजकारण. बॅनर्जी आता नोकरीबाहेर होते, म्हणजे मोकळे होते. १८७६ मध्ये कलकत्त्यात इंडियन असोसिएशन निघाली आणि तिच्या वतीनं ते १८७७-७८ मध्ये देशभर फिरले, मुंबई-पुण्यालाही आले. परीक्षेच्या वयोमर्यादेवरून उभी राहिलेली ही हिंदुस्थानातली पहिली देशव्यापी चळवळ म्हणायला हरकत नाही. राष्ट्रवादाचा उगम आपण मोठ्या तत्त्वांत शोधतो, त्याचा एक झरा भरतीच्या जाहिरातीतून फुटला होता. पार्लमेंटला अर्ज घेऊन गेले लालमोहन घोष, दोन वेळा नापास झालेल्या मनमोहन घोषांचे धाकटे भाऊ. सरकारनं १८७९ मध्ये तडजोड म्हणून स्टॅट्युटरी सिव्हिल सर्व्हिस काढली. घराणं आणि सामाजिक स्थान पाहून काही हिंदी लोकांना परीक्षेशिवाय नेमायचं. शिकलेल्या वर्गाला ही खिरापत नको होती, ती यथावकाश बंद पडली.

परीक्षा नसली की काय होतं, हे आपल्या भागानं दहा वर्षांतच पाहिलं. मध्य विभागाचे कमिशनर आर्थर क्रॉफर्ड, ज्यांच्या नावाची मंडई मुंबईत होती, त्यांच्यावर १८८८ मध्ये चौकशी बसली. सातारा, पुणे, नगर, नाशिक, सोलापूर, खानदेश हे जिल्हे त्यांच्या हाताखाली. मामलेदारांच्या नेमणुका, बढत्या आणि बदल्या यांचे पैसे घेतले जातात, असा आरोप होता. पैसे दिल्याची कबुली देणाऱ्या मामलेदारांना सरकारनं आधी अभय दिलं होतं, ते टिकावं म्हणून १८८९ मध्ये कायदाच करावा लागला, आणि तरी काहींच्या नोकऱ्या गेल्या. टिळकांनी त्यांची बाजू हिरिरीनं मांडली. लंडनची परीक्षा अन्यायाची होती खरी, पण तिच्यात एक गुण होता : पेपर तपासणाऱ्याला क्रॉफर्ड यांच्या हनुमंतरावासारखा दलाल गाठू शकत नव्हता. आपल्याकडच्या पुढाऱ्यांनी परीक्षा रद्द करा असं कधीच म्हटलं नाही, ती दोन्ही देशांत एकाच वेळी घ्या म्हटलं, ते यामुळं.

१८९३ मध्ये दादाभाई पार्लमेंटात असताना तसा ठराव ८४ विरुद्ध ७६ मतांनी मंजूरही झाला. सरकारनं तो गुंडाळून ठेवला. दोनच वर्षांनी, १८९५ मध्ये, पुण्याच्या काँग्रेस अधिवेशनाच्या अध्यक्षपदी सुरेंद्रनाथ बॅनर्जी होते आणि मागणी तीच होती. हिंदुस्थानात, अलाहाबादला, पहिली परीक्षा झाली ती १९२२ मध्ये. वाडियाच्या तक्रारीनंतर साठ वर्षांनी.

चित्र खरं पालटलं ते १९५० मध्ये. राज्यघटनेच्या सोळाव्या कलमानं सरकारी नोकरीत समान संधी हा मूलभूत हक्क केला आणि २२६ व्या कलमानं प्रत्येक उच्च न्यायालयाला परमादेश काढायचा अधिकार दिला. दोन्ही एकत्र वाचा : आता मोजणीच नव्हे, मोजपट्टीही कोर्टात नेता येते. क्वीन्स बेंचपुढं जे विचारता आलं नाही, ते विचारायला इथं सुरुवात झाली.

गुणांच्या कोष्टकाचंच घ्या. हरियाणाच्या लोकसेवा आयोगानं तेराशेहून अधिक उमेदवारांना मुलाखतीला बोलावलं होतं. लेखीत वर असलेले मुलाखतीत खाली गेले आणि उलटही झालं. १९८५ मध्ये अशोककुमार यादव खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं मुलाखतीला एकूण गुणांच्या ३३.३ किंवा २२.२ टक्के वाटा देणं मनमानीला वाव देणारं आहे असं ठरवलं आणि सर्वसाधारण उमेदवारांसाठी १२.२ टक्क्यांचं माप सुचवलं. कुठल्या पेपरला किती गुण, हा प्रश्न न्यायालयाचा झाला. वाडियाचा मुद्दाही परत आला. २००८ मध्ये मंजुश्री खटल्यात, आणि ७ नोव्हेंबर २०२४ रोजी तेजप्रकाश पाठक खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं सांगितलं की भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मध्येच बदलता येणार नाहीत, जाहिरातीत किंवा नियमांत तशी मुभा असेल तरच येतील, आणि तो बदलही मनमानी नसावा. दादाभाईंनी पत्रात जे मागितलं होतं, ते आता घटनात्मक कायदा आहे.

एका जागी मात्र कोर्ट हात आखडता घेतं, आणि ते पुष्कळ उमेदवारांना पटत नाही. उत्तरतालिकेतलं उत्तर ढळढळीत चुकीचं असेल तर कोर्ट लक्ष घालतं, हे १९८३ च्या कानपूर विद्यापीठ खटल्यापासून ठरलंय. पण शंका असेल तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्याला, आणि न्यायाधीशांनी स्वतः पेपर तपासायला बसू नये, असं २०१७ मध्ये रणविजय सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा बजावलं. त्यात अर्थ आहे. एका प्रश्नावरून भरती चारचार वर्षं लटकते, आणि वाट बघणाऱ्यांचं वय कुणासाठी थांबत नाही.

नवे प्रश्न १८५४ च्या कोष्टकाच्या पलीकडचे आहेत. २०२३ च्या तलाठी भरतीत साडेचार हजारांच्या आसपास जागांसाठी दहा लाखांवर अर्ज आले, खुल्या वर्गाला शुल्क १,००० रुपये, राखीव वर्गाला ९००. महिनाभर वेगवेगळ्या सत्रांत वेगवेगळे पेपर झाले आणि गुणांचं सामान्यीकरण केलं गेलं. जानेवारी २०२४ मध्ये यादी आली तेव्हा २०० गुणांच्या परीक्षेत २०० च्या वर गुण पडलेले उमेदवार तिच्यात होते. सूत्र गणिताला धरून असेलही. पण ज्याला आपले गुण कसे आले हे आकडेमोड करून पाहता येत नाही, त्याच्या मनातली शंका सूत्रानं फिटत नाही. १८६९ मध्ये निदान सोळातून पंधरा कसे वजा करायचे, हे दोन्ही बाजूंना कळत होतं.

सातारा-सांगलीच्या उमेदवारासाठी अंतर हाही प्रश्नच होता. २०२५ च्या १८ ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयाचं फिरतं खंडपीठ कोल्हापुरात सुरू झालं. सातारा, सांगली, कोल्हापूर, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आले. वकिलांनी आणि पक्षकारांनी त्यासाठी कित्येक वर्षं आंदोलन केलं होतं. रिटसाठी मुंबई गाठण्याची गरज संपली. पण राज्य शासनाच्या थेट नोकऱ्यांचं, तलाठ्यापासून उपजिल्हाधिकाऱ्यापर्यंत, तसं नाही. १९९७ च्या चंद्रकुमार निकालाप्रमाणे या तक्रारी आधी प्रशासकीय न्यायाधिकरणापुढं, म्हणजे मॅटपुढं न्याव्या लागतात आणि उच्च न्यायालय त्यानंतर. मॅट १९९१ मध्ये स्थापन झालं ते मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद या पीठांसह, आणि सातारा-सांगली मुंबई पीठाकडे. जतचा तलाठीपदाचा उमेदवार कोल्हापूरच्या न्यायमूर्तींपुढं पोचतो तो मुंबईला जाऊन आल्यावर.